मापाच्या वहीची मागची पानं

उदगीर, ५ सप्टेंबर २०२५, शुक्रवार

टीव्हीत उभी हिरवी रेघ आली. दुपारी एक होती, रात्री तीन झाल्या. चोवीस इंची, बारा वर्षं चालला.

आत्यांना, म्हणजे सासूबाईंना, विचारलं, रेघा दिसायल्यात का? म्हणाल्या, "कुठं गं?"

६ सप्टेंबर

गणपती गेले. पुण्याहून मोठ्याचा फोन. "आई, आता पासष्ट इंची घेऊ. पैसे मी टाकतो." हे नुसते ऐकत होते. मी म्हणले, भिंत केवढी आहे ते आठवतंय का तुला?

८ सप्टेंबर

काल ग्रहण. आजपासून पितृपक्ष. पंधरा दिवस खरेदी नाही. दुकानदार ह्यांना म्हणाला, तसंही बावीस तारखेपर्यंत थांबा. बत्तीस इंचांवरच्या टीव्हीचा जीएसटी २८ चा १८ होणार. वीस हजारांच्या मूळ किमतीला आज २५,६०० पडतात, तेव्हा २३,६०० पडतील. दोन हजार म्हणजे माझी आठ ब्लाउजं.

९ सप्टेंबर

आज शिवताना आत्यांकडं लक्ष होतं. मालिका चालू. त्या तक्त्याच्या टोकाला, डोळे पडद्याकडं. बोलणारी बाई बदलली की मान थोडी वाकडी करतात. कान पुढं. कुणी बोललंच नाही, नुसतं बघितलं, की धाकटीला हळूच विचारतात, "कोण आलं गं आत्ता?"

आत्या टीव्ही बघत नाहीत. ऐकतात. किती दिवसांपासून?

१० सप्टेंबर

आणखी एक. दाराची चौकट वाकली म्हणतात. चौकट सरळ आहे. मी ओळंबा लावल्यासारखी टेप सोडून बघितली.

११ सप्टेंबर

डोळ्यांच्या डॉक्टरांकडं. उजव्या डोळ्याचा मोतीबिंदू झालेला आहेच. डाव्याच्या पडद्याला मधोमध झीज, उजव्यालाही सुरुवात. वयाची म्हणाले. चौकटी-चौकटीचा कागद दिला, ड्राफ्टिंगच्या कागदासारखा. एक डोळा झाकून मधल्या ठिपक्याकडं बघायचं. आत्या म्हणाल्या, रेघा नागासारख्या चालल्यात. इंजेक्शन लागेल का ते पुढच्या तपासणीत ठरणार. कागद रोज बघायचा, वाकडेपणा वाढला तर लगेच या म्हणाले.

निघताना मी टीव्हीचं विचारलं. डॉक्टर म्हणाले, जवळ बसू द्या. अंतर अर्धं केलं की चित्र दुप्पट. पैसा लागत नाही.

मी म्हणले, जवळ बसल्यानं डोळे जातात ना? म्हणाले, थकतात, जात नाहीत. लेकरू जवळ जाऊन बसलं तर त्याचा नंबर तपासा, त्याला हाकलू नका.

रिक्षात मी गप्प. चार वर्षांखाली आत्या खाली सतरंजीवर, टीव्हीपाशी बसायच्या. मीच म्हणले होते, "आत्या, मागं सरका, डोळे खराब होतील." तेव्हापासून तक्त्यावर. एकदाही उलटून बोलल्या नाहीत.

११ सप्टेंबर, रात्री

सतरंजी पुढं टाकली. टेप लावली: पडद्यापासून ४४ इंच. तक्त्यावर डोळ्यापर्यंत १०२ भरतात (टेप साठाची, एक पूर्ण आणि वर बेचाळीस). आत्यांना हाताला धरून बसवलं. हिरव्या रेघांसकट.

बराच वेळ काही बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, "अगं, ही तर म्हातारी झाली की."

मालिकेतली सासू. सहा वर्षं चाललेली मालिका. आवाज तोच होता, तोंड आज दिसलं.

१२ सप्टेंबर

झोप नाही.

१४ सप्टेंबर, रविवार

देगलूर रोडच्या दुकानात गेलो. फक्त बघायला. पितृपक्षात बघायला हरकत नाही, असं हे म्हणाले.

मी पर्समधून टेप काढली तर पोरगा बघतच राहिला. कापड आडवं-उभं मोजतात, टीव्ही उरेब मोजतात. या कोपऱ्यातून त्या कोपऱ्यात. हे मला आज कळलं. म्हणून जुन्या एकवीस इंची डब्याची आणि आताच्या बत्तीसची तुलना फसवी. डबा चौकोनाकडं झुकलेला, उंची १२½. बत्तीस लांबट, उंची १५¾. उरेबात अकरा इंचांचा फरक, उंचीत तीनच. माणसाचं तोंड उंचीत असतं.

वहीत उतरवून घेतलं:
३२ – रुंदी २८, उंची १५¾
४३ – ३७½, २१
५५ – ४८, २७
६५ – ५६¾, ३२

त्रेचाळीसवर १०८ सेमी लिहिलेलं. टेपनं साडेबेचाळीस भरला.

दुकानात सगळेच लहान दिसतात. हॉल तीस फुटांचा, छत उंच, पासष्टच्या शेजारी पंचावन्न बिचारा वाटतो. रंग भडक लावलेले. घरी इतके कुणी लावत नसेल.

एक गोष्ट धाकटीनं बघितली. बाजूला सरकलं की एका टीव्हीचे रंग फिके पडतात, चेहरा राखेचा होतो. दुसऱ्याचे तसेच राहतात. पोरगा म्हणाला, आतलं पॅनेल वेगळं असतं. दोन्हींसमोर डावीकडून-उजवीकडून चालून बघितलं. आत्या मधोमध बसणार नाहीत, त्यामुळं हे बघायलाच पाहिजे होतं.

१५ सप्टेंबर

पेपर कटिंग केलं. चार वर्तमानपत्रं कणकेच्या खळीनं जोडली, पासष्टचा नमुना कापला. त्यावर मार्किंगच्या खडूनं आत पंचावन्न, त्याच्या आत त्रेचाळीस. भिंतीवर चिकटवला.

पासष्ट बसत नाही. दाराची चौकट ते दिवळी, मोकळी भिंत ५२ इंच. नमुना दिवळीवरून गेला. दिवळीत देवाचा दिवा असतो.

मोठ्याला व्हिडिओवर दाखवलं. तो म्हणाला, "पण हिशेबानं पासष्टच येतो, आई." त्याचा हिशेब: बसायचं अंतर भागिले १.६. एकशेदोन भागिले एक पूर्णांक सहा, चौसष्ट. नजरेत तीस अंश भरतात. खोटं नाही. तक्त्यावरून त्याचं बरोबर आहे.

तक्त्यावरून.

१६ सप्टेंबर

आत्यांना नमुन्यासमोर ४४ वर बसवलं. धाकटीनं पंचावन्नच्या डाव्या कोपऱ्याला बोट लावलं, मग उजव्या. आत्यांची मान गरगर फिरली. मानेचा पट्टा आधीच आहे. "दोन्हीकडं बघू कशी?"

त्रेचाळीसच्या खडूवर बोट फिरवलं. मान थोडीच हलली, डोळे फिरले. म्हणाल्या, "हे बरंय. चुलीपुढं बसल्यावर भाकरी दिसावी तेवढं."

१७ सप्टेंबर

मुक्तिदिन. धाकटी झेंडावंदनाला. दिवसभर फॉल-पिको.

१८ सप्टेंबर

धाकटीनं वही घेतली. बारावीला आहे, असल्या गोष्टीत रमते. आंतरराष्ट्रीय दूरसंचार संघाचं माप तिनं शोधलं: एचडी चित्र उंचीच्या तिप्पट अंतरावरून बघावं, फोर-के दीडपट. जुनं साधं चित्र सहापट.

आपल्याकडं फ्री डिश. वरचे बहुतेक चॅनल साधेच. मग सहापट धरायचं. त्रेचाळीस: २१ × ६ = १२६ इंच, साडेदहा फूट. पंचावन्न: साडेतेरा फूट. पासष्ट: सोळा फूट. आपली खोली भिंतीपासून भिंतीपर्यंत दहा फूट.

म्हणजे टीव्ही जितका मोठा तितकं तेच चित्र ताणलं जाणार. पातळ कापड ताणलं की वीण उसवते, तसं. दुकानात जे दाखवतात ते पेनड्राइव्हमधलं असतं, सह्याद्रीवरचं नसतं.

उलट फोर-के. त्रेचाळीसवर त्याचा फायदा घ्यायचा तर ६३ इंचांच्या आत बसायला पाहिजे. तक्ता १०२ वर. तिथून फोर-के आणि फुल एचडी सारखंच दिसणार. आत बसणाऱ्या एकट्या आत्या. त्यांना बारीक ठिपका नको, मोठं तोंड पाहिजे.

फुल एचडी घ्यायचा. पैसे वाचतात.

१९ सप्टेंबर

नवरात्राचे घागरे. सात बाकी. पाठ.

२० सप्टेंबर

हे म्हणाले, तू टीव्ही घ्यायलीस की पोरीचं लग्न ठरवायलीस, एवढी मापं. मी म्हणले, ब्लाउज एक इंच चुकला तर उसवता येतो. हा उसवता येत नाही.

२१ सप्टेंबर

सर्वपित्री. मामांना, म्हणजे सासऱ्यांना, पान ठेवलं. त्यांना कढी लागायची.

२२ सप्टेंबर, सोमवार

घट बसले. नवे दर आजपासून. दुकानात गर्दी, असं हे सांगत आले. दसऱ्याला घेऊ.

२४ सप्टेंबर

इलेक्ट्रिकवाल्याचा पोरगा आला, भिंत बघायला. म्हणाला, वर लावू, साडेचार फुटांवर, शो येतो. ड्रिल लावलं. चुन्याची कातडी गेली आणि आतून माती. भुरभुर भुरभुर. खुंटी आत गेली ती फिरतच राहिली. दगड लागेना. मुठीएवढं भोक.

आमच्या पुढच्या खोलीची भिंत जुनी, दोन फुटी, दगड-मातीची. वर माळवद. मागच्या दोन खोल्या तेवढ्या विटांच्या. पोरगा म्हणाला, केमिकल टाकून बसवतो. मी नको म्हणले. त्याचा चहा गार झाला.

भोकात चिंधी भरून वरून चुना लावला.

२६ सप्टेंबर

पाऊस थांबत नाही. दिरांचा फोन, शेतात गुडघाभर पाणी. सोयाबीन काढायला आलं होतं. शेंगांना कोंब फुटलेत.

२७ सप्टेंबर

दोन ऑर्डरी परत गेल्या. बाया म्हणाल्या, यंदा जुन्यावरच दसरा. कापड कापलं नव्हतं, ते बरं झालं.

टीव्हीचं बोलायचंच नको वाटतंय.

२८ सप्टेंबर, रविवार

भारत-पाकिस्तान, आशिया कपचा शेवटचा सामना. जुना टीव्ही अर्धा हिरवा. धाकटीनं मोबाइलवर बघितला. म्हणाली, "आई, साडेसहा इंचांचा मोबाइल चौदा इंचांवर धरला की तक्त्यावरून सत्तेचाळीस इंची टीव्ही दिसावा तेवढा दिसतो." हिशेब केला. खरंय. भारत जिंकला. तिनं एकटीनं कांबळीत बघितला, घर गप्प होतं.

मोबाइल एकाचाच असतो.

३० सप्टेंबर, मंगळवार

किल्लारीचा भूकंप. बत्तीस वर्षं झाली.

लग्न होऊन वर्ष झालं होतं. आदल्या रात्री विसर्जन, उशिरा झोपलो. पहाटे चारला चार मिनिटं कमी. माळवदातून माती गळाली, भांडी वाजली. मामा ओरडत सगळ्यांना बाहेर काढत होते. दिवस उगवल्यावर कळलं तिकडं काय झालं. आमच्यासारखीच घरं. हीच दोन फुटी भिंत, हेच माळवद, तेच लोकांच्या अंगावर आलं.

आठ दिवस अंगणात झोपलो. टीव्ही होता वीस इंची काळा-पांढरा, लाकडी सरकत्या दारांचा. मामांनी तो खोलीतून उचलून अंगणात आणला. वायरीला वायर जोडली. संदूक खाली, त्यावर टीव्ही. गल्ली सगळी बातम्यांना आमच्या अंगणात. शेजारच्या आपाची सासू, तिची लेकरं, सगळे जमिनीवर. पुढच्या ओळीत आत्या, मांडीवर आपाचं लहानगं. तेव्हा आत्या शेहेचाळीसच्या. मी आता बावन्न.

त्यानंतर मामांनी नियम केला. माणूस जिथं बसतो-झोपतो तिथं डोक्याच्या वर जड काही नाही. फळीवरची तांब्याची घागरसुद्धा खाली आली. चोवीस इंची आणला तोही दिवळीखालीच राहिला. ते गेले, नियम आम्ही विसरलो. परवा मी ड्रिल लावू दिलं.

संध्याकाळी माळ्यावरून संदूक काढली. धुतली. तेल पुसलं. लांबी ४०, उंची १६.

१ ऑक्टोबर

संदूक १६. टीव्हीचे पाय ३. त्रेचाळीसची अर्धी उंची साडेदहा. चित्राचा मध्य जमिनीपासून साडेएकोणतीसवर. वाकळ अंथरून आत्यांना बसवलं आणि डोळ्यापर्यंत टेप लावली. २९.

दोनदा मोजलं.

साडेचार फुटांवर लावला असता तर मान वर करून बसावं लागलं असतं. ५४ इंच. पट्ट्याच्या मानेनं.

दुकानात फोन करून पायांमधलं अंतर विचारलं. त्रेचाळीसचे संदुकीवर मावतात. पंचावन्नचे काठाबाहेर जातात.

मोठ्याला सांगितलं. थोडा वेळ गप्प. मग म्हणाला, "घे तू म्हणतीस तो. उरलेले काकाला दे. हरभऱ्याचं बी घेईल."

२ ऑक्टोबर, दसरा

टीव्ही आला. त्रेचाळीस, फुल एचडी, बाजूनं रंग न मरणारा. मशीनची, कात्रीची, टेपची पूजा केली, त्यातच त्याला हळद-कुंकू. संदुकीवर ठेवला, भूकंपाचं मनात होतं म्हणून मागून नायलॉनच्या पट्टीनं संदुकीलाच बांधला.

बातम्या देणारीचं तोंड टेपनं मोजलं. जुन्यावर चार इंच होतं. आता सात.

अंतरानं सव्वादोन पटीच्या वर, टीव्हीनं पावणेदोन पटीच्या वर. दोन्ही मिळून चौपट. त्यातला मोठा वाटा सतरंजीचा.

३ ऑक्टोबर

आत्यांचं डोकं मधी येतं. तक्त्यावरून खालची पट्टी दिसत नाही. त्या लगेच उठायला लागल्या. "मी मागं बसते."

मी हात धरला. दीड फूट उजवीकडं सरकवलं. धाकटी तक्त्याच्या मधोमध बसून बघत होती, "आता दिसतंय, आज्जी. बस तिथंच." पाठीला लोड, लोडामागं ज्वारीचा डबा. भरलेला आहे, हलत नाही.

५ ऑक्टोबर

चार वाजता पश्चिमेच्या खिडकीतून ऊन थेट पडद्यावर. आत्या म्हणतात, मधी खिडकी दिसायली. दुहेरी अस्तराचा पडदा शिवला, गडद निळा. ट्यूबलाइट समोरच्या भिंतीवर होती, ती बाजूच्या भिंतीवर घेतली. मागं एक छोटा पिवळा दिवा. मिट्ट अंधारात डोळे लवकर थकतात.

७ ऑक्टोबर

रंगाची सेटिंग दुकानातलीच होती. कमी केली. आत्या म्हणाल्या, फिकं झालं. कॉन्ट्रास्ट थोडा वाढवला, चालेल म्हणाल्या. आवाज बारीक येतो, स्पीकर खालच्या बाजूला, संदुकीवर आदळतो. पाठीमागं जाड बोर्ड लावून बघितला, फरक नाही. आत्या जवळ असल्यानं त्यांना ऐकू येतं. आम्ही कमी ऐकतो. चालतंय.

९ ऑक्टोबर

जुनी पौराणिक मालिका लागली. दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या. जुनं चित्र चौकोनी, ताणलं तर देव जाड दिसतात. हे ताणायला लागले, आत्यांनी थांबवलं. "असू दे. तसाच होता तो."

ती पहिल्यांदा लागायची तेव्हा मी आठवीत होते. माहेरी, देगलूर तालुक्यात. गावात एक टीव्ही, साठ माणसं. मी पहिल्या ओळीत, दोन फुटांवर.

२० ऑक्टोबर

दिवाळी. तीन रात्री मशीनवर. काही लिहिलं नाही.

२७ ऑक्टोबर

डोळ्यांची तपासणी. डावा तसाच. उजव्याला इंजेक्शन आत्ता नको. चौकटीचा कागद टीव्हीशेजारी लावलाय, रोज सकाळी बघतात.

२ नोव्हेंबर, रविवार

मुलींचा विश्वचषक, नवी मुंबईत. पाऊस आला, सामना उशिरा चालू झाला. आपा आली, तिच्या नाती आल्या. तक्ता भरला, खाली भरलं. आत्या त्यांच्या जागी. दीड फूट उजवीकडं, ज्वारीच्या डब्याला टेकून. तिथून कुणी हलवलं नाही.

चेंडू त्यांना दिसत नाही. मी विचारलं. म्हणाल्या, "पोरी दिसायल्यात. निळ्या. पळायल्यात." शेवटचा झेल घेतला तेव्हा रात्रीचे बारा वाजले होते. ५२ धावांनी जिंकल्या. सगळ्या पोरी एकमेकींच्या गळ्यात. आत्या पुढं झुकल्या, पडद्याला हात लागेल इतक्या.

"रडायली गं ती," म्हणाल्या. "कॅप्टन."

आम्ही कुणी सांगितलं नव्हतं.

३ नोव्हेंबर

आपानं विचारलं, तिच्या घरी केवढा घ्यावा. म्हणले, दुकानात जाऊ नकोस आधी. तुझ्या सासूला कुठून दिसतं ते बघ, तिथं बसव, मग मला बोलाव. टेप घेऊन येते.

मापाच्या वहीत, पुढच्या बाजूला, ब्लाउजांच्या पानावरच लिहून ठेवलं:

आत्या. पडद्यापासून ४४. डोळ्याची उंची २९. मध्यापासून उजवीकडं १८. टीव्ही ४३. दर सहा महिन्यांनी पुन्हा मोजणे.